शंभर रुपयांचं साम्राज्य

२००० सालानंतरच्या सात-आठ वर्षांत वाशी स्टेशनच्या आसपास मिळणारी गेमची सीडी कशी असायची, हे तेव्हा शाळा-कॉलेजात असलेला कोणीही डोळे मिटून सांगेल. पातळ प्लास्टिकचं पाकीट, आत मूळ खोक्यावरच्या चित्राची रंग विटलेली झेरॉक्स, सीडीवर काळ्या मार्करने घाईघाईत लिहिलेलं नाव आणि कोपऱ्यात बारीक अक्षरांत सीडी-की. किंमत शंभर, फार तर दीडशे. दोन घेतल्या तर थोडी घासाघीस चालायची आणि घरी जाऊन इन्स्टॉल झाली नाही तर बदलून देण्याची तोंडी हमी मिळायची. विकणाऱ्याला खेळातलं काही कळत नसे, पण कोणती सीडी परत येत नाही हे त्याला पक्कं ठाऊक असायचं. ‘एज ऑफ एम्पायर्स’ परत येत नसे.

हा व्यवहार बेकायदा होता, पण फुकटचा नव्हता. गिऱ्हाईक पाकिटातून नोटा काढत होतं, भाव करत होतं, माल खराब निघाला तर भांडतही होतं. त्या नोटांपैकी एक रुपयासुद्धा खेळ बनवणाऱ्यापर्यंत जात नव्हता, एवढंच. पायरसीची चर्चा बहुतेक वेळा ‘लोकांना फुकट हवं असतं’ इथून सुरू होते. वाशीतला अनुभव तसा नाही. इथे मागणी होती, पैसे मोजायची तयारी होती आणि बाजारही होता. त्या बाजारात खरा माल जवळपास नव्हता.

ओरिजिनल मिळत नसे असं नाही. मॉलमधल्या पुस्तकं-कॅसेटच्या दुकानांत एक रॅक असायचा. पाचशेपासून हजारापर्यंतच्या डब्या, त्यात अर्ध्याहून जास्त क्रिकेट आणि गाड्यांच्या शर्यती. नवा खेळ परदेशात आल्यावर तिथे पोहोचायला महिने लागायचे, काही कधी पोहोचतच नसत. इंटरनेटवरून विकत घ्यायचं तर डॉलरमध्ये चालणारं क्रेडिट कार्ड हवं, आणि अकरावीतल्या मुलाच्या बापाकडे ते असलं तरी ‘गेमसाठी’ मिळणं अशक्य. ‘चिप’ आणि ‘डिजिट’ या मासिकांसोबत येणाऱ्या सीडीवर खेळांचे डेमो असायचे. एक-दोन लढायांचा डेमो खेळून चटक लागायची आणि पुढचा रस्ता थेट स्टेशनकडे जायचा.

सगळ्या खेळांत स्ट्रॅटेजी गेमच इथे एवढे का रुजले, याचं कारण घरातल्या कॉम्प्युटरमध्ये होतं. ‘अभ्यासासाठी’ म्हणून घेतलेल्या त्या पीसीत ग्राफिक्स कार्ड नसायचं. १९९९ साली आलेल्या ‘एज ऑफ एम्पायर्स २’ला ते लागतही नव्हतं, १६६ मेगाहर्ट्झचा पेंटियम आणि ३२ एमबी रॅम असली की काम भागायचं. शिवाय खेळाचा जीव मोठा. गोळ्या झाडायचा खेळ आठ-दहा तासांत संपतो, सीडी मित्राकडे जाते आणि विषय मिटतो. इथे मात्र लाकूड, अन्न, सोनं, दगड गोळा करायचे, अंधारयुगातून सरंजामी युगात, तिथून किल्ल्यांच्या आणि साम्राज्यांच्या युगात जायचं आणि दर वेळी नकाशा वेगळा, शत्रू वेगळा. लोक हा खेळ वर्षानुवर्षं खेळले, अजून खेळतात. ‘निष्ठा’ हा शब्द एखाद्या खेळाच्या बाबतीत वापरायचा तर तो इथेच वापरावा लागेल. पायरसीचा परिणाम मोजायलाही म्हणूनच हा प्रकार सर्वांत बोलका आहे, कारण इथे पहिल्या विक्रीनंतरची दहा वर्षंही हिशेबात धरावी लागतात.

आता ती सीडी आतून कशी होती ते पाहू. मूळ खेळ दोन गोष्टी तपासायचा: सुरू होताना ड्राइव्हमध्ये खरी सीडी आहे का, आणि इन्स्टॉल करताना दिलेली की नियमात बसते का. की कागदावर मिळायची. सीडीची तपासणी मात्र मोडावी लागे. ते काम परदेशातल्या गटांनी आधीच करून ठेवलेलं असायचं. सीडीवर ‘क्रॅक’ नावाचं एक फोल्डर असे. त्यातली ईएक्सई फाईल उचलायची, खेळ जिथे इन्स्टॉल झाला तिथे टाकायची आणि ‘रिप्लेस करू का?’ला होय म्हणायचं. त्या फाईलमध्ये खेळ तोच, फक्त तपासणीचा भाग काढून टाकलेला. ज्यांनी आयुष्यात एक ओळ प्रोग्रामिंग केलं नाही, अशा हजारो मुलांनी ही एक शस्त्रक्रिया पाठ केली होती.

पण क्रॅक हा खेळाच्या एका विशिष्ट आवृत्तीचा असतो. कंपनीने दुरुस्तीचा पॅच काढला की तो ईएक्सई बदलतो आणि क्रॅक पुसला जातो. मग नवा क्रॅक येईपर्यंत थांबा, किंवा पॅच लावूच नका. एकट्याने कॉम्प्युटरविरुद्ध खेळणाऱ्याला त्याने फरक पडत नाही. माणसांविरुद्ध खेळायचं तर दोन्हीकडे एकच आवृत्ती लागते, आणि स्ट्रॅटेजी गेमची खरी गंमत तर माणसांविरुद्धच असते. गेमिंग कॅफेंनी हा प्रश्न परस्पर सोडवला. मालक एकच प्रत सगळ्या मशीनवर चढवायचा, लॅनची वायर जोडायचा आणि तासाला वीस-तीस रुपये घ्यायचा. इंटरनेटवर जायची गरजच नाही, त्यामुळे की तपासणारा कोणी नाही. कॉलेजातून सुटलेली पोरं थेट तिथे. ‘वॉरक्राफ्ट ३’वर चाहत्यांनी रचलेला ‘डोटा’ही असाच पसरला. तो खेळ बनवणाऱ्या ब्लिझर्डच्या सर्व्हरवर खरी की लागायची, तर गरेना नावाच्या सॉफ्टवेअरवर इंटरनेटलाच लॅनचं सोंग देता यायचं आणि की कोणी विचारत नसे. भारतात, आणि त्याहून अधिक आग्नेय आशियात, डोटाच्या पहिल्या पिढीचा मोठा हिस्सा अशाच प्रतींवर वाढला.

इकडे आपण खेळत होतो तेव्हा तिकडे बनवणारे काय हिशेब करत होते? मार्च २००८ मध्ये अमेरिकेतल्या स्टारडॉक कंपनीचा प्रमुख ब्रॅड वॉर्डेल याने एक भूमिका जाहीरपणे मांडली, ती आजही या विषयात वारंवार सांगितली जाते. महिनाभर आधीच त्याच्या कंपनीने आयर्नक्लॅड या छोट्या चमूचा ‘सिन्स ऑफ अ सोलर एम्पायर’ हा अंतराळ-साम्राज्याचा खेळ बाजारात आणला होता. बनवायला दहा लाख डॉलरहून कमी खर्च आणि सीडीवर कसलंही संरक्षण नाही. कोणीही कॉपी करावी. तरीही त्या वर्षात पाच लाखांवर प्रती खपल्या. वॉर्डेलचं म्हणणं सरळ होतं: जे कधी विकत घेणारच नाहीत त्यांना आम्ही गिऱ्हाईक म्हणून मोजतच नाही. किती जण खेळतील हे न पाहता किती जण पैसे देतील हे पाहून खेळ बनवायचा, तो साध्या कॉम्प्युटरवर चालला पाहिजे, आणि ज्यांनी पैसे दिले त्यांना पुढे सतत सुधारणा द्यायच्या. या सुधारणा नोंदणी केलेल्या प्रतीलाच मिळायच्या. म्हणजे चोराला अडवायला पहारा नाही. खरेदीदाराला मात्र दर काही आठवड्यांनी आपण विकत घेतल्याचा फायदा दिसत राहायचा.

त्याच सुमारास नेमकी उलटी हकीकत पुढे आली. ब्रायन सलिव्हन हा ‘एज ऑफ एम्पायर्स’ बनवणाऱ्या एन्सेम्बलच्या संस्थापकांपैकी एक. त्याने पुढे आयर्न लोअर ही कंपनी काढली आणि २००६ मध्ये ‘टायटन क्वेस्ट’ आणला. हा लढाईचा खेळ, स्ट्रॅटेजी नव्हे, पण माणसं त्याच गोत्रातली. २००८ च्या सुरुवातीला कंपनी बंद पडली आणि प्रकाशक टीएचक्यूच्या मायकेल फिच याने जे सांगितलं ते वाचताना आजही वाईट वाटतं. खेळ बाजारात येण्याआधीच फुटला होता. त्यात पायरेटेड प्रत ओळखून खेळ आपोआप बंद पाडणाऱ्या तपासण्या होत्या आणि क्रॅक करणाऱ्यांनी त्या सगळ्या काढल्या नव्हत्या. त्यामुळे चोरून खेळणाऱ्यांचा खेळ पहिल्या गुहेतून बाहेर पडताना कोसळायचा, कसलीही सूचना न देता. त्यांनी जगभर बोभाटा केला की या खेळात दोष भरलेत. खरी प्रत विकत घ्यायला निघालेल्या माणसाच्या कानावर आधी ही बदनामी पडली. फिचच्या मते पायरसीचं नुकसान फक्त बुडालेल्या विक्रीपुरतं नव्हतं, ही बदनामीही त्यातच धरायला हवी.

मला हा मुद्दा फार मोलाचा वाटतो. पायरसीचं नुकसान मोजताना आपण ‘इतक्या प्रती चोरीला गेल्या, गुणिले किंमत’ असा हिशेब करतो. तो चुकीचा आहे हे उघड आहे, कारण शंभर रुपये देणाऱ्या प्रत्येकाने हजार दिले असते असं कोणीच मानणार नाही. पण चोरलेली प्रत वापरणारा माणूस मुका नसतो. तो बोलतो, शिफारस करतो, नावं ठेवतो. त्याच्या हातात खेळाची कोणती आवृत्ती पडली, यावर त्याचं मत बनतं आणि ते मत पैसे देणाऱ्यांपर्यंत पोहोचतं.

वॉर्डेललाही याचा फटका वर्षभराने बसला. एप्रिल २००९ मध्ये स्टारडॉकने ‘डेमिगॉड’ आणला, डोटाच्या धर्तीवरचा. एका दुकान-साखळीने ठरलेल्या तारखेआधीच खोकी विकायला काढली आणि क्रॅकही लगेच पसरला. सुरुवातीच्या दिवसांत कंपनीच्या सर्व्हरवर साधारण १ लाख २० हजार जण जोडले गेले आणि त्यांतले खरेदीदार होते फक्त १८ हजारांच्या आसपास. चोरलेल्या प्रतींना ऑनलाइन सामने खेळता येत नव्हते, तरी प्रत्येक प्रत सुरू होताना सर्व्हरला हाक मारत होती. त्या हाकांनी सर्व्हर गुदमरला आणि ज्यांनी पैसे मोजले होते त्यांनाच सामना मिळेना. समीक्षकांनी खेळ तपासला तो याच दिवसांत, आणि ऑनलाइन खेळ धड चालत नाही असं लिहिलं. खऱ्या गिऱ्हाइकांसाठी वेगळी व्यवस्था उभारून कंपनीने काही दिवसांत मार्ग काढला, पण पहिली छाप पडायची ती पडून गेली होती. कुलूप न लावण्याचं धोरण चुकलं, असा अर्थ यातून मला काढता येत नाही. एवढं मात्र खरं की चोरणाऱ्याला हिशेबात धरायचं नाही असं मालकाने ठरवलं, तरी यंत्र त्याला धरतंच.

काही कंपन्यांनी सापळे लावले. जर्मनीच्या ब्लू बाइटने १९९८ च्या ‘सेटलर्स ३’मध्ये अशी व्यवस्था केली की नकली प्रतीत लोखंडाच्या भट्ट्यांतून लोखंडाऐवजी डुकरं बाहेर पडायची. लोखंड नाही म्हणजे हत्यारं नाहीत, हत्यारं नाहीत म्हणजे सैन्य नाही. ‘रेड अलर्ट २’च्या नकली प्रतीत लढाई सुरू होऊन अर्धं मिनिट होतं न होतं तोच आपला अख्खा तळ स्फोटात उडायचा. सीडी परत आणून ‘ही खराब आहे’ म्हणणाऱ्या कितीतरी पोरांना आपण पकडले गेलो आहोत हे कळलंही नसेल. ‘टायटन क्वेस्ट’चा धडा इथेही लागू होतो: ज्याला आपण सापळा म्हणतो तो समोरच्याला दोष वाटतो.

या सगळ्यांत सर्वांत बोलका प्रयोग २०१३ मधला. ऑस्ट्रेलियातल्या ग्रीनहार्ट गेम्सच्या दोन भावांनी ‘गेम डेव्ह टायकून’ नावाचा व्यवस्थापनाचा खेळ बनवला, ज्यात खेळणारा स्वतःच एक गेम कंपनी चालवतो. विक्रीच्या दिवशीच त्यांनी एक क्रॅक केलेली प्रत आपल्याच हाताने टोरंटवर सोडली. तिच्यात फरक एवढाच होता की काही काळाने खेळातल्या कंपनीचे खेळ लोक चोरू लागतात आणि कंपनीचं दिवाळं निघतं. पहिल्या दिवसाचा आकडा: विकत घेतलेल्या प्रती २१४, चोरलेल्या ३,१०४. मग चोरून खेळणाऱ्यांनीच मदत मागायला सुरुवात केली की इतकी मेहनत करून आम्ही चांगले खेळ काढतो, तरी लोक चोरतात, यावर खेळात काही इलाज आहे का?

अभ्यासकांचे निष्कर्ष गुंतागुंतीचे आहेत. युरोपीय आयोगाने एकोरिस या संस्थेकडून एक मोठी पाहणी करून घेतली, जर्मनी, ब्रिटन, स्पेन, फ्रान्स, पोलंड आणि स्वीडन या सहा देशांत. अहवाल २०१५ मध्ये तयार झाला, पण युरोपीय संसदेच्या सदस्य युलिया रेडा यांनी पाठपुरावा केल्यावर २०१७ मध्ये लोकांसमोर आला. नव्या गाजलेल्या चित्रपटांची विक्री पायरसीमुळे घटते, असं त्यात स्पष्ट दिसलं. दहा चित्रपट चोरून पाहिले गेले तर साधारण चार कायदेशीर पाहण्या कमी होतात. खेळांच्या बाबतीत मात्र आकडा उलट्या दिशेचा निघाला, चोरून खेळणारे पुढे विकतही जास्त घेतात असा. संख्याशास्त्राच्या दृष्टीने त्यात अनिश्चितता मोठी होती, त्यामुळे त्यावर फार भार टाकता येणार नाही. दुसरा अभ्यास विल्यम व्होल्कमन याचा. त्याने २०१४ ते २०२२ या काळात आलेल्या, डेनुवो हे महागडं संरक्षण लावलेल्या ८६ खेळांची विक्री तपासली. संरक्षण पहिल्याच आठवड्यात फुटलं तर एकूण उत्पन्नात सरासरी वीस टक्के घट. बारा आठवड्यांनंतर फुटलं तर घट जवळपास शून्य. मोठे खेळ आपली बहुतेक कमाई सुरुवातीच्या आठवड्यांतच करतात, म्हणून हे असं.

हे दोन्ही निष्कर्ष स्ट्रॅटेजी गेमला लावून पाहिले की माझ्या मते चित्र बरंच स्पष्ट होतं. पहिल्या आठवड्यांतला तोटा खरा आहे आणि छोट्या कंपनीला तो जीवघेणा ठरू शकतो. पण या खेळांची विक्री पहिल्या आठवड्यांवर संपत नाही. पॅच, नवी राज्यं, नवे नकाशे, ऑनलाइन क्रमवारी अशी ती वर्षानुवर्षं चालते. चोरलेली प्रत एका दिवशी गोठलेली असते. खरा खेळ पुढे सरकत राहतो. स्वीडनच्या पॅराडॉक्स कंपनीने ‘क्रुसेडर किंग्ज’ आणि ‘युरोपा युनिव्हर्सालिस’ या मालिका याच तत्त्वावर चालवल्या: संरक्षणावर खर्च नाही, सुधारणांवर खर्च. आणि २०१७ मध्ये याच कंपनीने अनेक देशांतल्या किमती अचानक वाढवल्या, तेव्हा भडकलेले लोक तिचे पैसे देणारे, जुने, निष्ठावंत खेळाडू होते. कंपनीला वाढ मागे घ्यावी लागली. क्रॅक वापरणाऱ्याला किंमत वाढल्याचं सोयरसुतक नसतं. रागावतो तो आपला माणूस.

चोरून खेळणाऱ्याची निष्ठा कुठे जाते, याची उत्तरं मात्र देशोदेशी वेगळी आली. व्हिएतनाममध्ये १९९७ चा पहिला ‘एज ऑफ एम्पायर्स’ आजही राष्ट्रीय खेळासारखा खेळला जातो. तिथे त्याचे नामांकित खेळाडू आहेत, सामने हजारो लोक पाहतात, आणि हे सगळं उभं राहिलं ते कॅफेंमधल्या जुन्या प्रतींवर. मायक्रोसॉफ्टने सुधारित आवृत्त्या काढल्या तरी तिथला मोठा वर्ग जुन्याच खेळाला धरून राहिला. इतकी निष्ठा, पण ती विक्रीत फारशी उतरली नाही. बिल गेट्स यांनी १९९८ मध्ये चीनबद्दल बोलताना म्हटलं होतं की लोक चोरणारच असतील तर त्यांनी आमचंच चोरावं, सवय लागली की पैसे कसे वसूल करायचे ते आम्ही पुढे शोधून काढू. विंडोजच्या बाबतीत तो हिशेब जमला असेल. खेळात सवय लागते ती त्या नेमक्या जुन्या खेळाची, कंपनीची नव्हे.

वाशीच्या पिढीचं वेगळं झालं. २०१५ च्या नोव्हेंबरमध्ये स्टीम या ऑनलाइन दुकानाने भारतात रुपयांत किमती लावल्या. डॉलरचं कार्ड गरजेचं राहिलं नाही, पुढे यूपीआयही आलं. वर्षातून दोन-तीनदा सेल लागायचे आणि जुना खेळ दोन-तीनशे रुपयांत, कधी त्याहून कमी पैशांत मिळायचा. एव्हाना स्टेशनवर सीडी घेणारी मुलं नोकरीला लागली होती. ‘एज ऑफ एम्पायर्स २’ २०१३ मध्ये एचडी रूपात परतला होता. त्याच वर्षी त्याला जोडलेला ‘द फरगॉटन’ हा विस्तार चाहत्यांच्याच एका चमूने आधी स्वतः बनवला होता, तो कंपनीने अधिकृत करून घेतला. २०१९ मध्ये डेफिनिटिव्ह एडिशन आली आणि एप्रिल २०२२ मध्ये ‘डायनॅस्टीज ऑफ इंडिया’ हा विस्तार आला, ज्यात बंगाली, द्रविड आणि गुर्जर ही नवी राज्यं होती. माझ्या ओळखीतल्या ज्यांनी हा खेळ लहानपणी शंभर रुपयांच्या सीडीवर खेळला, त्यांच्यातल्या बहुतेकांनी तो पुन्हा विकत घेतला आहे, काहींनी दोनदा. त्यांना कोणी भीती घातली नव्हती. कायदा त्याआधीही होता: कॉपीराइट कायद्याच्या ६३ ब कलमानुसार जाणूनबुजून नकली सॉफ्टवेअर वापरणाऱ्याला किमान सात दिवसांची कैद आणि पन्नास हजारांचा दंड होऊ शकतो, धंद्यासाठी वापर नसेल तर न्यायालय कैद माफ करू शकतं. चित्रपटांच्या नकली सीडी विकणाऱ्यांवर तर महाराष्ट्राने २००९ मध्ये झोपडपट्टीदादांसाठीचा स्थानबद्धतेचा कायदाही लावला. गेम विकत घेण्याची सवय यांपैकी कशानेही लागली नाही. ती रुपयातल्या किमतीने आणि चालू राहणाऱ्या खेळाने लागली.

मग नुकसान झालंच नाही का? झालं, आणि ते आपलंच झालं. ज्या वर्षांत इथला खेळाडू स्टेशनवर पैसे मोजत होता, त्या वर्षांत इथे पीसीवरचा खेळ बनवून इथेच विकता येईल, असा हिशेब फारसा कोणाला मांडता आला नाही. कौशल्य होतं, आपल्याकडचे स्टुडिओ परदेशी खेळांची चित्रं आणि मॉडेल ठेक्याने बनवत होते. स्वतःचा खेळ काढायचा तर गिऱ्हाईक दाखवा, असं गुंतवणूकदार विचारणार, आणि कागदावर गिऱ्हाईक नव्हतंच. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा ‘राजी’ २०२० मध्ये आला तेव्हा त्याचं जगभर कौतुक झालं, पण तो पहिल्यांदा प्रसिद्ध झाला निन्टेंडो स्विचवर, जे यंत्र भारतात अधिकृतपणे विकलंही जात नव्हतं.

याची मला सर्वांत जास्त टोचणारी बाजू अशी: मराठ्यांचं राज्य हाती घेऊन हिंदुस्थानचा पट खेळायची संधी दिली ती २००९ च्या ‘एम्पायर: टोटल वॉर’ने, आणि तो बनला इंग्लंडमधल्या हॉर्शम गावी. ‘युरोपा युनिव्हर्सालिस ४’मध्ये मराठा राज्य उभारता येतं, तो स्टॉकहोमचा. गनिमी काव्याचं, गडांच्या साखळीचं, चौथाई-सरदेशमुखीच्या अर्थकारणाचं जे बारकावे असलेलं रूप इथल्या माणसाने खेळात उतरवलं असतं, ते त्यांच्याकडून अपेक्षित नाही. दुर्गप्रेमींची एवढी मोठी फौज असलेल्या महाराष्ट्रात हा खेळ चालला नसता असं मला वाटत नाही. तो बनला नाही, कारण बनवणाऱ्याला ती फौज विक्रीच्या कोणत्याही तक्त्यात दिसली नाही.

आता चोरीचं रूपही बदललं आहे. स्ट्रॅटेजी गेमचा मूळ खेळ सेलमध्ये स्वस्त मिळतो, पण दहा वर्षांत निघालेल्या सगळ्या पुरवण्या मिळून त्याच्या कितीतरी पट होतात. म्हणून मूळ खेळ रीतसर विकत घ्यायचा आणि पुरवण्यांची कुलपं मात्र एका छोट्या फाईलने उघडायची, असा अर्धा-अर्धा प्रकार रुळला आहे. हे करणारा माणूस खेळाचा शत्रू नाही. तो त्या खेळात शेकडो तास घालवतो, पॅचची वाट पाहतो, इतरांना शिकवतो. त्याला किंमत पटलेली नसते.

यावर पूर्वीचा एक तोडगा आहे. १९९८ च्या ‘स्टारक्राफ्ट’मध्ये एकाच सीडीवरून मित्रांच्या कॉम्प्युटरवर मर्यादित आवृत्ती टाकून आठ जणांपर्यंत लॅनवर खेळायची सोय ब्लिझर्डने स्वतःच दिली होती. २०१० च्या ‘स्टारक्राफ्ट २’मध्ये याच कंपनीने लॅन पूर्ण काढून टाकलं, पायरसीचं एक कारण देऊन, आणि जगभरातल्या जुन्या खेळाडूंनी विरोधाच्या निवेदनांवर सह्या केल्या. पॅराडॉक्सने उलट वाट धरली. तिच्या खेळांत जो सामना मांडतो त्याच्याकडे असलेल्या पुरवण्या त्या सामन्यापुरत्या सगळ्यांना वापरता येतात. एकाने विकत घ्यायच्या, बाकीच्यांनी फक्त मूळ खेळ घेऊन यायचं. वाशीतल्या कॅफेत एका प्रतीवर चाललेल्या लढायांमधला बेकायदा भाग वगळला तर उरतं ते नेमकं हेच. माझ्या ओळखीच्या एका चौकडीत पुरवण्यांचा खर्च आता चौघांत वाटला जातो. सामना मांडायचं काम ज्याच्याकडे आहे त्याला बाकीचे तिघे यूपीआयवर पैसे पाठवतात.